चार कान आणि एक घंटी

ती केस आठवायला मला डायरी उघडावी लागत नाही. बोरसीत आमच्या कॉलनीत सकाळी फिरायला निघणारे आम्ही चौघे रिटायर्ड, तिघे भिलईच्या स्टील प्लांटचे आणि मी एकटा पोलीसवाला. त्यांना माझ्याकडून खून आणि दरोडे ऐकायचे असतात. मी बकऱ्यांची केस काढली की तिघांचेही चेहरे पडतात. "बकऱ्या? अहो साहेब, काहीतरी जोरदार सांगा ना!" जोरदार पुष्कळ झालं नोकरीत. पण माझी अक्कल नेमकी कुठे कमी पडली हे या केसने दाखवलं, म्हणून हीच लिहितो. नाव कोणाचंही देणार नाही, थान्याचंही नाही.

आमच्या छत्तीसगढमध्ये पोलीस ठाण्याला थाना म्हणतात. मराठी घरात जन्मूनही मी आयुष्यभर तोच शब्द वापरला. भिलईच्या कडेच्या अशा एका थान्याचा मी प्रभारी होतो. हद्दीत अर्धी वस्ती प्लांटच्या कामगारांची, अर्धी जुन्या गावांची, आणि गावांच्या पलीकडे भाठा. भाठा म्हणजे उंचावरची लाल, मुरमाड, पडीक जमीन. तिथे धान पिकत नाही, नुसतं गवत आणि काटेरी झुडपं. गावची जनावरं तिथेच चरतात आणि लांडगेही तिथेच राहतात. प्लांटच्या चिमण्या जिथून दिसतात तिथे लांडगा असेल हे बाहेरच्या माणसाला पटत नाही. पण असतो. छत्तीसगढीत त्याला हुंडरा म्हणतात, आणि गावातल्या म्हाताऱ्यांना तो कुठून येतो, कुठे पाणी पितो हे सगळं माहीत असतं.

फेब्रुवारीच्या अखेरीस एका सकाळी तक्रारदार आला. प्लांटमधून रिटायर झालेला, मूळ भंडाऱ्याकडचा. नोकरीत असल्यापासूनच गावाच्या कडेला जागा घेऊन त्याने बकऱ्या पाळल्या होत्या, आता बत्तीस. आत आला, खुर्ची ओढून बसला आणि थेट आमच्या बोलीतच सुरू झाला.

"नमस्कार जी साहेब. तुमी आपल्याकडचे आहा असं कळलं, म्हणून सीधा तुमच्यापाशीच आलो. माह्या पाच बकऱ्या गेल्या. एका महिन्यात पाच! अन् तो बुढा चरवाहा तोंड उघडून नाई राहिला."

"काय म्हणतो तो?"

"काईच नाई म्हणत, तेच तर सांगून राहिलो ना बाप्पा! कान आण म्हटलं, तर खाली मान घालून बसते."

हे कानाचं प्रकरण आधी सांगितलं पाहिजे. गावातल्या सगळ्यांच्या बकऱ्या एकच चरवाहा भाठ्यावर नेतो. प्रत्येक मालकाची खूण जनावराच्या कानावर कापलेली असते. एखादं जनावर आजाराने मेलं किंवा लांडग्याने नेलं, तर चरवाह्याने त्याचा कान आणून मालकाला दाखवायचा. कान दाखवला की प्रश्न मिटला, मालक एक शब्द बोलत नाही. कान नाही दाखवला, तर जनावर विकलं असं धरलं जातं. हा नियम कुठल्याही कायद्यात लिहिलेला नाही, पण त्या गावांत तो कायद्यापेक्षा कडक पाळतात.

"पंचवीस साल झाले जी," तक्रारदार म्हणाला. "हरवेळी कान आणला त्यानं. मी कधी इचारलं नाई त्याले. आता पाच गेल्या अन् एकाचाही कान नाई. कावून? विकल्या असतीन म्हणूनच ना?"

आणि मग त्याचा आवाज बदलला. पाचांमध्ये एक म्होरकी बकरी होती. तिच्या गळ्यात पितळी घंटी होती, काठावर थोडी फुटलेली. "माह्या बापाच्या बैलाची घंटी होती ते. बाप गेला, बैल गेला, गावचं घर गेलं. एवढी घंटी मी भिलईले घेऊन आलो होतो." त्याने डोळ्यांवरून पंजा फिरवला.

मी रिपोर्ट लिहून घ्यायला सांगितला. खरं सांगायचं तर त्याच वेळी माझ्या डोक्यात केस पुरी झाली होती. दिवसभर हिंदी ऐकून घरची बोली कानावर पडली की मी ढिला व्हायचो. माझे वडील प्लांटमध्ये क्लार्क होते. त्यांच्याकडे येणारे लोक असेच बोलायचे, असेच खुर्ची ओढून बसायचे. समोरचा माणूस माझ्या वडिलांसारखा बोलतो म्हणजे तो खरं बोलतो, असं मी न तपासता धरून चाललो.

दोन दिवसांत मुखबिराने, म्हणजे आमच्या खबऱ्याने, बातमी आणली. म्हाताऱ्याला कुम्हारीच्या रस्त्यावर एका पिकअपमध्ये बकऱ्या चढवताना पाहिलं म्हणे. कोणी पाहिलं, गाडीचा नंबर काय, याचा पत्ता नाही. मी शिपाई पाठवला. तो कुम्हारीतल्या खाटकांकडे फिरला, उतईच्या बाजारात फिरला आणि हात हलवत परत आला. मला तिथेच थांबायला हवं होतं. नंतर कळलं की तक्रारदाराने चहाच्या टपरीवर आपला संशय बोलून दाखवला होता आणि मुखबिराने तोच उचलून, वर पिकअप लावून, माझ्यापर्यंत पोचवला. मुखबिर बहुतेक वेळा खोटं बोलत नाही, साहेबाला काय ऐकायचंय ते ओळखतो. पण तेव्हा मी म्हटलं, आणा म्हाताऱ्याला.

सकाळी अकराला त्याला आणलं. अटकेचे कागद झाले, घरी कळवलं, डॉक्टरी तपासणी झाली. अकराची वेळ लक्षात ठेवा, कारण तिथून चोवीस तासांत त्याला कोर्टात उभं करणं मला भाग होतं. म्हातारा साठीच्या पुढचा, वाळलेला, पायांत टायरच्या चपला. गावचा कोटवार, म्हणजे गावचा सरकारी राखणदार, त्याच्याबरोबर आला होता. त्याने मला बाजूला घेऊन सांगितलं की गावाने म्हाताऱ्याची लाठी काढून घेतली आहे आणि ती दुसऱ्याकडे दिली आहे. चोरी शाबीत झाली तर ती त्याला कधीच परत मिळणार नाही. बापाकडून आलेली गावची चराई जाणार आणि आसपासच्या कुठल्याही गावात त्याला कोणी बकरी सोपवणार नाही. म्हाताऱ्याला मूल नव्हतं, शेत नव्हतं. लाठी गेली म्हणजे सगळंच गेलं.

दुपारी मी विचारपूस केली, हिंदी-छत्तीसगढीत; इथे मराठीत देतो. शेजारी माझा मुन्शी, थान्याची लिखापढी बघणारा जुना हवालदार, बयान लिहीत बसला होता.

"बकऱ्या विकल्यास?"

"नइ बेचेंव, साहेब." नाही विकल्या.

"कापून खाल्ल्यास?" नाही. "कुत्र्यांनी मारल्या?" नाही. "कोणी हिसकावून नेल्या?" नाही. प्रत्येक नाही ताबडतोब, माझ्या डोळ्यांत बघून. मग मी विचारलं, "हुंडऱ्याने नेल्या?" तर हा जमिनीकडे बघायला लागला. पुन्हा विचारलं. पुन्हा तसंच. मग जे काही विचारावं त्याला मूग गिळून बसलेला. माझ्या डोक्यात तिडीक गेली आणि मी त्याला एक थोबाडीत मारली. लपवलं तर बाकीचं लिहिण्यात अर्थ नाही, म्हणून हेही लिहितो. त्याने गाल चोळलासुद्धा नाही. "मार ले साहेब," एवढंच म्हणाला, आणि मलाच उठून बाहेर जावं लागलं.

संध्याकाळी घरी जायच्या आधी सहीसाठी बयान समोर आलं. माझा मुन्शी अक्षराला आणि शिस्तीला पक्का. प्रत्येक प्रश्नापुढे उत्तर लिहिलेलं: नाही, नाही, नाही, नाही. आणि हुंडऱ्याच्या प्रश्नापुढे लिहिलं होतं, "चुप". खाली पुन्हा तोच प्रश्न आणि पुन्हा "चुप".

"हे काय?" मी विचारलं.

"साहब, जो बोला वो लिखा. जो नहीं बोला, वो भी लिखा."

मी तो कागद वरपासून पुन्हा वाचला. चोर कसा वागतो हे मला माहीत होतं. बकऱ्या विकलेल्या माणसाला मी स्वतः सुटायची वाट दाखवत होतो. हुंडऱ्याने नेल्या एवढं म्हटलं असतं, तर मी काय करणार होतो? लांडग्याला समन्स? तीच वाट या म्हाताऱ्याने सोडून दिली होती. बाकी सगळ्याला नाही म्हणाला, फक्त याला नाही म्हणाला नाही. हो पण म्हणाला नाही.

घरी जेवताना बायकोला सांगितलं. ती भाकरी वाढता वाढता थांबली. "तुमी तक्रारवाल्याचं लगेच आइकलं. कावून की तो आपल्यासारखा बोलते. त्या बुढ्याच्या बायकोले काई इचारलं का?"

"तिला काय माहीत असणार?"

"मले तुमचं सगळं माहीत असते," ती म्हणाली आणि वरण पुढे केलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी सहालाच थान्यात गेलो. म्हातारी दारात बसलेली, मांडीवर डबा. डब्यात बासी होती, म्हणजे रात्रीचा भात पाण्यात भिजवलेला, सोबत कांदा. मी तिला आत बोलावलं, नवऱ्याला खाऊ दे म्हटलं आणि जरा बाहेर उभं राहून सहज विचारावं तसं विचारलं, "हल्ली बकऱ्या कुठे नेतो तुझा नवरा?"

ती छत्तीसगढीत बोलली, मी मराठीत देतो. "लांबून नेतो, साहेब. छुहीच्या खड्ड्याकडे जातच नाही यंदा. मला म्हणाला, बायांना सांग, यंदा छुही आणायला जाऊ नका, कड ढासळलीय."

छुही म्हणजे पांढरी माती. तिकडच्या बाया तिने घरं सारवतात. भाठ्यावर सगळीकडे लाल मुरूम, आणि पांढरी छुही निघते ती त्या एकाच खड्ड्यात.

"मग, ढासळलीय का कड?"

"मी दुरून बघून आले. काही ढासळलेलं नाही," म्हातारी म्हणाली. "पण तो म्हणाला म्हणून मी बायांना सांगितलं."

मी कोटवाराला बोलावलं नाही. नुसता मुन्शी घेतला, जीप डांबरी रस्त्यावर सोडली आणि आम्ही पायी निघालो. सात वाजले असतील. घटनास्थळ आधी पाहावं हे मी नव्या फौजदारांना शिकवत आलो होतो आणि या केसमध्ये मी सगळ्यांना विचारत बसलो होतो, जमीन तेवढी बघायची राहिली होती. खड्ड्याच्या तोंडाशी लाल धुळीत पंजे उमटलेले. कुत्र्यापेक्षा लांबट, एका सरळ रेघेत. आत पांढऱ्या कडेला एक बीळ, समोर हाडांचे तुकडे, बकऱ्यांचे केस, आणि चार पिल्लं. काळपट, गुबगुबीत, कान अजून नीट उभे नाहीत. त्यातलं एक पितळी घंटी तोंडात धरून ओढत होतं आणि दुसरं ती हिसकावत होतं. घंटी वाजत होती. माणूस दिसताच घंटी टाकून चारही आत घुसली.

"साहब, ऊपर," मुन्शी हळूच म्हणाला.

खड्ड्याच्या वरच्या कडेवर मादी उभी होती. दात दाखवले नाहीत, गुरगुरली नाही. नुसती बघत होती. पोट खपाटीला गेलेली, फासळ्या मोजता याव्यात अशी. नोकरीत माझ्यावर चाकू उगारला गेलाय, दगड पडलेत. पण तिच्या त्या बघण्याने मी जितका ओशाळलो तितका कधी ओशाळलो नाही. मी घंटी रुमालात उचलली आणि आम्ही पाठ न फिरवता मागे आलो.

पंच नसताना वस्तू उचलणं नियमाला धरून नव्हतं. पण अकराला मला त्या माणसाला कोर्टात उभं करायचं होतं आणि माझ्या हातात दुसरं काही नव्हतं.

परत येऊन मी कोठडीसमोर उभा राहिलो. "खड्डा बघून आलो," म्हटलं. मला वाटलं, म्हातारा आता सुटल्यासारखा रडेल. तो उठून गजांपाशी आला आणि घाबऱ्या आवाजात विचारलं, "कोटवार घलो गे रिहिस का?" कोटवार पण गेला होता का?

"नाही. आम्ही दोघंच."

तेव्हा त्याने श्वास सोडला आणि तोंड उघडलं. नर पौषात रस्त्यावर ट्रकखाली गेला. एरवी दोघं मिळून लांब जाऊन ससे, उंदीर, डुकराची पिल्लं मारतात, गावाच्या कळपातली वर्षाकाठी दोन-तीन जातात आणि त्यांचे कान जागेवर सापडतात. यंदा ती एकटी पडली. पिल्लं सोडून लांब जाता येत नाही, म्हणून जवळच्या बकऱ्या, आणि मारलेलं सगळं बिळापाशी ओढून नेते. कान तिथेच पडलेले.

"मग आणायचे ना!"

"बिळाजवळ जायचं नाही, साहेब. माणूस गेला की ती पिल्लं उचलून उघड्यावर नेते. माझा बापही जात नव्हता."

"मग मालकाला सांगायचं, हुंडऱ्याने नेल्या म्हणून."

"सांगितलं की लोक जागा विचारतात. जागा कळली की मिरच्या आणि पेंढा घेऊन निघतात."

काही वर्षांपूर्वी असं झालं होतं. दुसऱ्या टोकाचं एक बीळ गावाने धुरी देऊन संपवलं. लांडगे निघून गेले. पुढच्या वर्षी टाउनशिपच्या उकिरड्यावर कोंबडीची आतडी खाऊन माजलेले कुत्रे भाठ्यावर चढले आणि एका दुपारी अकरा बकऱ्या फाडून गेले. खाल्ली एकही नाही. "हुंडरा असला की कुत्रे येत नाहीत," म्हातारा म्हणाला. "ती एक नेते आणि खाते. चार महिने धीर धरायचा, एवढंच. मालकाला मी पावसाळ्यात माझ्या घरच्या बकरीची करडं देणार होतो."

"आणि तू जेलमध्ये गेला असतास तर?"

"गेलो असतो," तो म्हणाला. मग गज धरून म्हणाला, "दोन दिवस कुठे लिहू नका, साहेब. तिने तुम्हाला पाहिलंय. आता ती स्वतःच पिल्लं हलवेल. मग काय लिहायचं ते लिहा. तोवर मला पाठवा जेलमध्ये."

मी अडकलो. पंचनाम्यात 'भाठ्यावर कुठेतरी' असं लिहून चालत नाही. दिशा, अंतर, खुणा, नकाशा, गावचे दोन पंच, सगळं लागतं. ते केलं की म्हातारा सुटतो आणि दुपारपर्यंत गाव खड्ड्यावर. नाही केलं तर तो अकराला कोर्टात आणि तिथून जेलमध्ये. मला एक मधली वाट सुचली. तक्रारदाराने घंटी ओळखली आणि माझा चरवाह्यावर संशय नाही असं लिहून दिलं, तर मी त्याला सोडू शकत होतो. जागेचा पंचनामा दोन दिवसांनी, रिकाम्या बिळाचा.

तक्रारदार नऊला स्वतःच आला, काय झालं ते विचारायला. मी टेबलावर रुमाल उघडला. त्याने घंटी दोन्ही हातांनी उचलली आणि फुटलेल्या काठावरून अंगठा फिरवला.

"तेच आहे जी. बापाची माह्या." डोळ्यांत पाणी आलं. मग विचारलं, "कोठी भेटली?"

"काकाजी, जागा विचारू नका. लांडग्याने नेल्या एवढं समजा. म्हाताऱ्याने विकल्या नाहीत. तसं मला लिहून द्या."

"देतो ना. कावून नाई देणार?" त्याने घंटी उलटी केली, आत बोट घातलं, बोटाकडे बघितलं. लिहून दिलं, सही केली, घंटी परत ठेवली आणि फार न बोलता निघून गेला. माझ्या मते काम झालं होतं. मी सुटकेचे कागद करायला सांगितले.

साडेदहाला कोटवाराचा फोन आला. गावातले वीस-पंचवीस लोक पेंढा, रॉकेल आणि सुक्या मिरच्या घेऊन छुहीच्या खड्ड्याकडे गेलेत.

मी घंटीकडे बघितलं. तिच्या आत, फुटलेल्या काठाला, पांढरी छुही घट्ट बसलेली होती. सकाळपासून ती माझ्या समोर होती. मी ती पुसली नव्हती, कारण मुद्देमाल पुसायचा नसतो. हे माझ्या हाडांत इतकं मुरलेलं की पुसण्याचा विचारही मनात आला नाही. पंच नसताना घंटी उचलताना मी नियम मोडला होता, आणि जो नियम त्या दिवशी मोडायला हवा होता तो पाळला. पांढरी माती बघून लाल भाठ्यावरची जागा ओळखायला त्या गावात पोलीस लागत नाही.

म्हाताऱ्याला जीपमध्ये घेऊन मी निघालो. पोचलो तेव्हा खड्ड्यातून धूर वर येत होता आणि मिरचीने सगळे खोकत होते. आम्हाला पाहून माणसं पांगली. पेंढा ओढून विझवला. मुन्शीने वाकून आत बघितलं आणि मान हलवली. मग म्हातारा आडवा पडून खांद्यापर्यंत आत शिरला. बाहेर आला तेव्हा त्याच्या हातात एक पिल्लू होतं. एकच. मेलेलं.

मी सकाळी चार पाहिली होती. तीन तिने नेली होती. लांडगीण तोंडात एका वेळी एकच पिल्लू धरते. चौथ्यासाठी ती परत येईपर्यंत माणसं आली. अर्धा तास, फार तर पाऊण तास. मी तक्रारदाराला नऊऐवजी दहाला भेटलो असतो तरी चाललं असतं. हा हिशेब मी अजूनही करतो आणि त्यातून दरवेळी तेच निघतं.

म्हाताऱ्याने पिल्लू सावलीत ठेवलं. मग तो बिळाच्या तोंडाशी उकिडवा बसला आणि हाडांमध्ये चाचपडू लागला. एक कान काढला, झटकला. दुसरा. तिसरा. चौथा. वाळून कडक झालेले, पण खूण प्रत्येकावर स्पष्ट, काठावर कापलेली खाच. तक्रारदार गर्दीच्या मागे उभा होता. म्हातारा त्याच्यापुढे गेला आणि चारही कान त्याच्या हातावर ठेवले. "मालिक, कान," म्हणाला. "पाचवीची घंटी साहेबांकडे आहे."

पंचवीस वर्षं तो हेच करत आला होता, तसंच केलं. आवाजात राग नव्हता. तक्रारदार कानांकडे बघत राहिला आणि मग एकदम रडायलाच लागला, सगळ्या गावासमोर.

"मले कावून नाई सांगतलं रे तू? मी तुहा वैरी होतो का?"

म्हाताऱ्याला मराठी येत नव्हती, पण एवढं त्याला कळलं. "सांगितलं असतं तर धूर आज नाही, महिन्याआधीच झाला असता," तो म्हणाला. मी ते मराठीत करून सांगितलं. तक्रारदाराने मान खाली घातली. मग तो नव्या चरवाह्याकडे गेला, त्याच्या हातातली लाठी काढून घेतली आणि आणून म्हाताऱ्याच्या हातात दिली.

पुढचं सगळं कागदावर झालं. वन विभागाला कळवलं, त्यांचे लोक आले, पिल्लाचा पंचनामा करून घेऊन गेले. धूर कोणी केला हे मी आणि वन विभागाने गावात घरोघर विचारलं. तक्रारदाराने जागा आपणच सांगितली हे कबूल केलं, पण काडी कोणी लावली ते त्यानेही सांगितलं नाही. मुन्शीने सगळ्यांच्या नावापुढे "चुप" लिहिलं. वीस-पंचवीस चुप. माझ्यावर पंचांशिवाय वस्तू उचलल्याबद्दल खुलासा मागवला गेला, तो मी दिला. थोबाडीत मारल्याबद्दल कोणी खुलासा मागितला नाही. त्याची माफी मी म्हाताऱ्याच्या घरी जाऊन मागितली. त्याने खाट पुढे केली आणि त्याच्या बायकोने पाणी आणलं.

या केसने मला काय शिकवलं ते साधं आहे. आधी गुन्हेगार गप्प बसला की मी विचारायचो, हा काय लपवतोय? नंतर मी हेही विचारायला लागलो की हा कोणाला वाचवतोय. गाव गप्प होतं ते स्वतःला वाचवायला आणि म्हातारा गप्प होता तो दुसऱ्याला वाचवायला. कागदावर दोन्हीकडे एकच शब्द होता, आणि तो वाचायची अक्कल मला उशिरा आली. त्यानंतर कुठलंही बयान हातात आलं की मी आधी त्यातला "चुप" शोधायचो. आणि आपल्या बोलीत बोलणारा फिर्यादी आला की मुद्दाम त्याला हिंदीत उत्तर द्यायचो. बायको हसायची त्याला.

दुसऱ्या वर्षी माझी बदली झाली होती. कामानिमित्त उतईला गेलो असताना बाजारात म्हातारा दिसला. टपरीवर चहा पीत होता, लाठी मांडीला टेकवलेली. मला पाहून उठायला लागला, मी खांद्यावर हात ठेवून बसवलं आणि शेजारी बसलो. बकऱ्या ठीक आहेत, म्हणाला. मालकाने ती घंटी पुन्हा म्होरकीच्या गळ्यात बांधलीय, म्हणाला. मी विचारलं, कुत्रे तर नाही आले भाठ्यावर? "नाही, साहेब," माझ्या डोळ्यांत बघून, ताबडतोब.

मग मी आवाज खाली आणून विचारलं, "हुंडऱ्याची मादी व्याली का यंदा?"

म्हाताऱ्याने चहाचा ग्लास तोंडाला लावला आणि जमिनीकडे बघायला लागला. मी पुन्हा विचारलं नाही. इतका आनंद मला बऱ्याच दिवसांत झाला नव्हता. मी टपरीवाल्याला आणखी दोन चहा सांगितले.